वेळापत्रकातला ‘शा. शि.’ म्हणजे मोकळा तास नव्हे! नववीतल्या लेकरांच्या पालकांनी हे समजून घ्यायलाच हवं

अकोला (जुने शहर) : लेकराच्या वहीच्या पहिल्या पानावर शाळेचं वेळापत्रक चिकटवलेलं असतं. ते एकदा नीट पाहा. मराठी, गणित, विज्ञान यांच्या मधे कुठंतरी ‘शा. शि.’ अशी दोन अक्षरं दिसतील. शा. शि. म्हणजे शारीरिक शिक्षण, म्हणजेच आपला पीटीचा तास. पाचवी-सहावीत या तासाला पोट्टे घंटा व्हायच्या आधीच दारात उभे असतात. नववीत आल्यावर मात्र हा तास हळूहळू गायब होतो. कधी गणिताचा धडा राहिला म्हणून, कधी चाचणी परीक्षा आली म्हणून, तर कधी मैदानात चिखल आहे म्हणून. वेळापत्रकात तास असतो, पण मैदानावर कोणी नसतं.

जुने शहरातल्या शाळांमध्ये हरिहर पेठ, जयहिंद चौक, डाबकी रोड या भागातली लेकरं तर असतातच. शिवाय बाळापूर आणि पातूर रस्त्यावरच्या खेड्यांतून एसटीनं, ऑटोनं, सायकलनं येणारीही असतात. सकाळी निघायचं, शाळा करायची, शिकवणी करायची आणि दिवेलागणीला घरी पोहोचायचं. खेळायला वेळ उरतो कुठं? अशा लेकरांसाठी शाळेतला पीटीचा तास हाच दिवसातला खेळायचा एकमेव वेळ असू शकतो. म्हणून या तासात काय असते, तो का लागते आणि पालकांनी काय करावं, हे सोप्या भाषेत समजून घेऊ.

नववीच एवढी महत्त्वाची का?

पहिलं कारण नियमाचं आहे. शिक्षण हक्क कायदा 2009 हा पहिली ते आठवीपर्यंतच्या लेकरांसाठी आहे. शाळेला खेळाचं मैदान हवं, असं या कायद्याच्या परिशिष्टात लिहिलेलं आहे. सहावी ते आठवीत शंभराच्या वर विद्यार्थी असतील तर आरोग्य व शारीरिक शिक्षणासाठी अंशकालीन निदेशक हवा, हेही त्यात आहे. नववीत गेलं की लेकरू या कायद्याच्या बाहेर पडते. मैदान तेच, शाळा तीच, पण कायद्यावर बोट ठेवून मागायचा आधार संपतो. इथून पुढं पालकांनीच लक्ष ठेवावं लागते.

दुसरं कारण गुणांचं. नववी-दहावीला ‘आरोग्य व शारीरिक शिक्षण’ हा विषय आहेच. पण त्याला गुण नाहीत, श्रेणी मिळते, आणि ती टक्केवारीत धरत नाहीत. जे टक्क्यात येत नाही त्याकडे कोणाचं लक्ष जात नाही. त्यात अकोल्याचं नाव ‘नीट’च्या क्लासेससाठी झालेलं. नववीपासूनच फाउंडेशन बॅचची धावपळ सुरू होते. 2023 च्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्यानं मात्र नववी-दहावीसाठीही शारीरिक शिक्षणाला इतर विषयांच्या रांगेत बसवलं आहे. नव्या शैक्षणिक धोरणात नववी ते बारावी हा एकच टप्पा धरलेला आहे. म्हणजे नववी हे त्या टप्प्याचं पहिलं वर्ष. इथं जी सवय लागली ती बारावीपर्यंत चालते. इथं जी सुटली ती बहुतेकदा सुटलीच.

तिसरं कारण शरीराचं, आणि ते सगळ्यात मोठं. मुलींची उंची साधारण बाराव्या वर्षाच्या आसपास सगळ्यात झपाट्यानं वाढते, मुलांची चौदाव्याच्या आसपास. माणसाच्या हाडांची बळकटी बहुतांश अठरा-वीस वर्षांपर्यंतच तयार होते. त्यानंतर आयुष्यभर आपण तीच पुरवून वापरतो. पेरणीची वेळ निघून गेल्यावर कितीही खत टाकलं तरी पीक साधत नाही, तसंच हे आहे. उड्या, धावणं, खेळणं यानं हाडावर जो ताण येतो त्यानंच हाड पक्कं होते. तेही याच वयात.

जागतिक आरोग्य संघटना सांगते की 5 ते 17 वयाच्या लेकरांनी रोज सरासरी 60 मिनिटं दम लागेल अशी हालचाल करावी. आठवड्यातून किमान 3 दिवस स्नायू आणि हाडं बळकट करणारे व्यायामही हवेत. जगभरातली 11 ते 17 वयाची 81 टक्के मुलं-मुली एवढी हालचाल करत नाहीत, असं 2016 च्या आकडेवारीवरून दिसलं. मुलींमध्ये हे प्रमाण 85 टक्के, मुलांमध्ये 78 टक्के होतं.

या तासात असते तरी काय?

पीटी म्हणजे रांगेत उभं करून ‘सावधान-विश्राम’ एवढंच नव्हे. साधारण 35-40 मिनिटांची तासिका असते. ती नीट घेतली तर तिचे चार भाग पडतात.

- पहिली 5 ते 7 मिनिटं अंग गरम करायचं. हळू धावणं, हात-पाय-मान फिरवणं.
- पुढची 10 मिनिटं एक कौशल्य शिकायचं. खो-खोत खो कसा द्यायचा, कबड्डीत पाय कसा पकडायचा, लांब उडीत पाय कुठून उचलायचा.
- मग 15 मिनिटं खेळ. सगळ्यांनी खेळायचं, नुसते चांगले खेळाडू नाहीत.
- शेवटची 5 मिनिटं अंग थंड करायचं. ताण देणारे व्यायाम, श्वास, पाणी.

सूर्यनमस्कार, योगासनं, दोरीउड्या, धावण्याच्या शर्यती, सांघिक खेळ हे सगळं यात येते. सोबत आरोग्याचंही असते: आहार, झोप, व्यसनापासून दूर राहणं, प्रथमोपचार. ‘फुटबॉल घ्या आणि खेळा’ असं म्हणून गुरुजी सावलीत बसले, तर त्याला तास घेतला असं म्हणता येत नाही. अशा वेळी दहा पोट्टे खेळतात आणि चाळीस जण ओट्यावर बसून पाहतात. ज्याला व्यायामाची सगळ्यात जास्त गरज असते, तोच बसलेला असते.

‘वावरात राबते, मग त्याले कायले पाहिजे पीटी?’

खेड्यातल्या घराघरांत हा प्रश्न विचारला जातो, आणि तो चुकीचा नाही. लेकरू सुटीच्या दिवशी निंदणाला जाते, कापूस वेचते, ढोरांना पाणी पाजते. मेहनत होतेच. पण मेहनत आणि व्यायाम यात फरक आहे.

निंदताना, वेचताना माणूस तासन्‌तास कमरेत वाकून एकाच पद्धतीनं हालचाल करते. एकाच बाजूचे स्नायू थकतात, पाठ धरते. छाती फुगेल, दम लागेल असं धावणं त्यात नसते. झेप, तोल, चपळाई यांचाही सराव होत नाही. व्यायामात शरीराच्या सगळ्या बाजू ठरवून, हळूहळू वाढवत कामाला लावतात. म्हणूनच दिवसभर फवारणीचा पंप पाठीवर वागवणारा गडी कधीकधी 400 मीटर पळाला तरी पोट धरून बसते.

दुसरी गोष्ट ओझ्याची. सोयाबीनचं भरलेलं पोतं उचलायला लावणं म्हणजे चौदा वर्षांच्या पोराला ताकद देणं नव्हे. वाढत्या हाडांवर आणि पाठीच्या मणक्यावर असं अचानक जड ओझं घातक ठरू शकते. या वयात स्वतःच्या अंगाचं वजन वापरून केलेले व्यायाम, जसे दंड, बैठका, लटकणं, उड्या, हे जास्त चांगले.

हेच कावडीच्या बाबतीतही लक्षात ठेवावं. अकोल्याचं ग्रामदैवत राजराजेश्वराला जलाभिषेक करायला श्रावणातल्या शेवटच्या सोमवारी गांधीग्रामच्या पूर्णेवरून कावडी येतात. सुमारे 18 किलोमीटरची वाट, खांद्यावर पाण्याचे भरणे. जुने शहरातल्या पोरांना कधी एकदा खांदा देतो असं होते. ती हौस चांगलीच आहे. पण वर्षभर न चालता-पळता एका रात्री एवढं चालणं आणि जड भरण्याखाली खांदा देणं यात गुडघे, टाचा आणि पाठ भरडली जाते. शाळेत आठवड्याला नेमानं धावणारं लेकरू तेच अंतर हसत पार करते.

मैदान लहान आहे, मग काय करावं?

जुने शहर म्हणजे असदगडाच्या आणि मोर्णा नदीच्या आसऱ्यानं वाढलेली दाट वस्ती. गल्ल्या अरुंद, घराला घर लागलेलं. वसंत देसाई क्रीडांगण आहे, पण ते नदीच्या पलीकडं. तासिकेपुरतं वर्गाला तिथं नेणं शक्य नाही. इथल्या शाळांना जागेची अडचण आहे, हे मान्यच करावं लागते.

पण आपले देशी खेळ कमी जागेचेच आहेत. पुरुषांच्या कबड्डीचं मैदान 13 मीटर बाय 10 मीटर असते, महिलांचं 12 बाय 8. एवढी जागा बहुतेक शाळांच्या अंगणात निघते. दोरीउड्यांना तर दोन पावलं जागा पुरते. लंगडी, लगोरी, सूर्यनमस्कार यांना खर्च नाही. खो-खोला लांबी जास्त लागते, पण सराव अर्ध्या मैदानातही करता येते. वर्गाचे चार गट पाडायचे, चार कोपऱ्यांत चार खेळ लावायचे आणि दर सात-आठ मिनिटांनी जागा बदलायची. पन्नास लेकरं एका वेळी हलतात.

आणि या खेळांना कमी समजू नका. जानेवारी 2025 मध्ये दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. भारताचे पुरुष आणि महिला, दोन्ही संघ जिंकले. महिला संघाची कर्णधार प्रियंका इंगळे आणि पुरुष संघाचा कर्णधार प्रतीक वाईकर, दोघंही महाराष्ट्राचे.

वऱ्हाडाला तर हा वारसा घरचाच आहे. शेजारच्या अमरावतीत वैद्य बंधूंनी 1914 मध्ये श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ सुरू केलं. 1936 मध्ये बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी या मंडळाच्या पथकानं तिथं भारतीय खेळांची प्रात्यक्षिकं दाखवली. पुढं 1967 मध्ये तिथंच शारीरिक शिक्षणाचं पदवी महाविद्यालय निघालं. ज्या भागानं शंभर वर्षांपूर्वी देशाला व्यायामाचा रस्ता दाखवला, त्याच भागातल्या लेकरांचा पीटीचा तास बुडावा, हे शोभत नाही.

पोरी मैदानातून कुठं जातात?

सातवीपर्यंत पोरी लंगडी खेळतात, धावतात, भांडतात. नववीत पाहा, त्याच पोरी मैदानाच्या कडेला ओढणी सावरत बसलेल्या दिसतात. कोणी त्यांना हाकललेलं नसते. मैदानाला आडोसा नाही, बाहेरचे टारगट पाहतात, स्वच्छतागृहात पाणी नाही, खेळायला सोयीचा पोशाख नाही आणि घरून सांगितलेलं असते, ‘आता मोठी झाली, पळत जाऊ नको.’ या सगळ्याचा मिळून परिणाम होते.

पाळीच्या दिवसांत खेळू नये, असा समज अजून आहे. वैद्यकीयदृष्ट्या त्याला आधार नाही. त्रास नसेल तर खेळायला हरकत नाही, हलक्या व्यायामानं अनेकींचं पोट दुखणं कमीही होते. फार दुखत असेल, अंगावरून जास्त जात असेल, तर मात्र तिला बसू द्यावं आणि डॉक्टरला दाखवावं. जबरदस्ती नको आणि कायमची सूटही नको.

आणखी एक गोष्ट मायबापांनी ध्यानात घ्यावी. पोरगी थोडं पळाली की धापा टाकते, चक्कर येते म्हणते, तर ती आळशी आहे असं समजू नका. तिच्या अंगात रक्त कमी असू शकते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणी-5 नुसार देशात 15 ते 19 वयाच्या 59 टक्के मुलींमध्ये रक्ताची कमतरता आढळली. शाळेत आठवड्याला मिळणारी लोहाची निळी गोळी याचसाठी आहे. ती जेवणानंतर घ्यावी, फेकू नये. जंताची गोळीही चुकवू नये. पीटीच्या तासाला गुरुजींच्या डोळ्यांना दिसलेली धाप हीच कधीकधी आजाराची पहिली खबर असते.

घरीच करून पाहा : लेकरू किती तंदुरुस्त?

‘खेलो इंडिया’नं 9 ते 18 वयासाठी सोप्या चाचण्या ठरवून दिल्या आहेत. शाळेत त्या व्हायला हव्यात. पण मोबाइलमधलं स्टॉपवॉच असलं की धुऱ्यावर किंवा पांदण रस्त्यावरही करता येतात.

1. 50 मीटर धावणं : वेग समजते.
2. 600 मीटर धावणं किंवा चालणं : दम समजते.
3. पाय सरळ ठेवून बसायचं आणि हात पुढं न्यायचे : लवचिकता समजते.
4. 30 सेकंदांत पाठीवर झोपून किती वेळा अर्धवट उठता येते : पोटाची ताकद समजते.
5. दंड : मुलांनी पूर्ण, मुलींनी गुडघे टेकवून. हात-खांद्याची ताकद समजते.
6. उंची आणि वजन : किलोमधल्या वजनाला मीटरमधल्या उंचीच्या वर्गानं भागायचं. उदाहरणार्थ 40 किलो आणि 1.50 मीटर असेल तर 40 भागिले 2.25, म्हणजे 17.8. मोठ्या माणसांचा 18.5 चा आकडा लेकरांना लावू नका, त्यांचं कोष्टक वयाप्रमाणं वेगळं असते.

आकडे वहीत लिहून ठेवा आणि तीन महिन्यांनी पुन्हा पाहा. शेजारच्याच्या पोराशी तुलना करू नका. त्याचा कालचा आकडा आणि आजचा आकडा, एवढंच पाहायचं.

स्पर्धा, वाढीव गुण आणि नोकरी

शालेय क्रीडा स्पर्धा 14, 17 आणि 19 वर्षांखालील अशा तीन गटांत होतात. नववीतलं लेकरू बहुतेक वेळा 17 वर्षांखालील गटात येते. तालुका किंवा महानगरपालिका, मग जिल्हा, मग अमरावती विभाग, मग राज्य आणि शेवटी राष्ट्रीय अशी पायरी असते. नाव शाळेमार्फतच जाते. म्हणजे शाळेनं नोंदणी केली नाही, तर लेकरू कितीही चांगलं खेळत असलं तरी दारातच अडते.

ठरलेल्या स्तरावर खेळलेल्या खेळाडूंना दहावी-बारावीत वाढीव क्रीडा गुण मिळतात, जास्तीत जास्त 25. त्यासाठीचा प्रस्ताव शाळेतूनच मुदतीत जावा लागते, म्हणून प्रत्येक प्रमाणपत्र सांभाळून ठेवा. पुढं शासकीय नोकरीत गुणवंत खेळाडूंसाठी 5 टक्के आरक्षण आहे. बुलढाणा जिल्ह्यातल्या शेतमजूर कुटुंबातला अनंता चोपडे अकोल्याच्या क्रीडा प्रबोधिनीत बॉक्सिंग शिकला. 2019 मध्ये इंडोनेशियातल्या प्रेसिडेंट्स कपमध्ये त्यानं सुवर्णपदक घेतलं.

प्रत्येक जण काही अनंता होणार नाही. पण पोलीस भरतीला तर गावागावातून पोरं-पोरी उतरतात. शिपाई भरतीची मैदानी चाचणी 50 गुणांची आहे. मुलांना 1600 मीटर आणि मुलींना 800 मीटर धावणं 20 गुण, 100 मीटर 15 गुण, गोळाफेक 15 गुण. यात निम्मे गुण पडले नाहीत तर लेखी परीक्षेपर्यंत जाताच येत नाही. भरतीची जाहिरात आल्यावर दोन महिने पहाटे डांबरी रस्त्यावर पळून ही तयारी होत नाही. नडगी दुखते, गुडघा जाते, एखाद्याला मैदानावर भोवळ येते. ज्याचा पाया नववीत पडला, त्याला एकोणिसाव्या वर्षी फक्त धार लावायची असते.

उन्हाची आणि आजाराची काळजी

अकोल्याचं ऊन वेगळं सांगायला नको. विदर्भातल्या शाळा त्यामुळंच उशिरा, जूनच्या शेवटी उघडतात. फेब्रुवारीनंतर आणि ऑक्टोबरच्या तडाख्यात पीटीचा तास सकाळच्या पहिल्या तासिकांत ठेवावा. खेळाआधी आणि नंतर पाणी प्यावं. लेकराला गरगरलं, उलटी झाली, बोलणं असंबद्ध झालं तर ताबडतोब सावलीत न्यावं, अंगावर ओलं फडकं फिरवावं आणि 108 ला फोन करावा. बेशुद्ध असेल तर तोंडात पाणी ओतू नये.

दमा, हृदयाचा आजार, फीट, सिकलसेल असं काही असेल तर पालकांनी ते शाळा उघडताच शिक्षकांना लेखी कळवावं. आपल्या विदर्भात सिकलसेलचे रुग्ण आहेत. त्यांना जास्त ओढाताण आणि पाणी कमी पडणं दोन्ही बाधते. लपवून ठेवल्यानं धोका वाढते. सांगितलं तर गुरुजी त्याला झेपेल तेवढंच देतात.

पालकांनी काय करायचं?

पालक-शिक्षक सभेला गेलं की बहुतेक जण गणिताचे गुण विचारून परत येतात. या वेळी चार प्रश्न आणखी विचारा.

- नववीच्या वर्गाला आठवड्यात शा. शि. च्या किती तासिका आहेत, आणि मागच्या महिन्यात त्यातल्या किती मैदानावर झाल्या?
- तास कोण घेते? शारीरिक शिक्षणाचं प्रशिक्षण घेतलेले शिक्षक आहेत का?
- मुली खेळतात का? नसतील तर आडोसा, पाणी, पोशाख यातलं काय कमी आहे?
- यंदा कोणत्या स्पर्धांना शाळेनं नावं पाठवली?

भांडायला जाऊ नका. अनेक शाळांत एकाच शिक्षकावर सगळ्या वर्गांचा भार असते, मैदान नसते, साहित्याला पैसा नसते. दोरी, चुना, दोन बॉल एवढं तर गावकरी आणि माजी विद्यार्थी मिळूनही देऊ शकतात. पण पालक विचारतात हे कळलं, की शा. शि. च्या तासाला गणित घेताना शाळा दोनदा विचार करते.

आणि घरी एवढंच करा. पीटीच्या दिवशी चप्पल नाही, बूट घालून पाठवा. पोरगी खेळून घामाघूम होऊन आली तर रागावू नका, पाणी द्या. गणिताची शिकवणी बुडाली तर पुढच्या आठवड्यात भरून निघते. चौदाव्या वर्षी हाडात भरायची ताकद मात्र चोविसाव्या वर्षी कोणत्याच शिकवणीत मिळत नाही.